व्हीएफएक्समध्ये करिअर करायचंय? मला नेहमी विचारले जाणारे प्रश्न

बारावीचा निकाल लागला की मला गावाकडून फोन यायला लागतात. मिरज, सांगली, जत, कधी पार उदगीर. "ताई, पोरगा म्हणतोय व्हीएफएक्स करायचं. ते नक्की काय असतं, आणि त्यात पोट भरतं का?" मी २०११ साली गोरेगावातल्या एका स्टुडिओत रोटो आर्टिस्ट (चित्रातली माणसं-वस्तू कडेवरून कापून काढणारी) म्हणून लागले. नंतर पेंट (नको ते पुसून मागचं रंगवणं) केलं, आणि गेली काही वर्षं कंपोझिटिंगमध्ये (सगळे तुकडे जोडून एक चित्र करणं) लीड, म्हणजे टीमप्रमुख आहे. फोनवर दहा-पंधरा मिनिटांत सांगता येत नाही ते इथे सविस्तर लिहिते आहे.

व्हीएफएक्स म्हणजे काय? स्पेशल इफेक्ट्स तेच ना?

नाही. शूटिंगच्या वेळी कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष घडवतात ते स्पेशल इफेक्ट्स: टँकरने पाडलेला पाऊस, स्फोट, खोटं रक्त, चेहऱ्यावर चिकटवलेली जखम. शूटिंग झाल्यावर त्या चित्रावर कॉम्प्युटरवर जे काम होतं ते व्हिज्युअल इफेक्ट्स. व्हीएफएक्स म्हटलं की लोकांना राक्षस आणि उडत्या गाड्या आठवतात. पण आमच्या कामाचा मोठा भाग कुणाच्या लक्षातही येऊ नये असा असतो. स्टंटमनच्या कमरेची वायर पुसायची, शिवकालीन प्रसंगात गडामागून डोकावणारा मोबाइल टॉवर काढायचा, गाडीच्या काचेत दिसणारा कॅमेरामन घालवायचा, पन्नास माणसांची पाच हजार करायची.

हे सगळं हॉलिवूडचं. आपल्याकडे नवीनच ना?

हा प्रश्न आला की मी फाळक्यांचं नाव घेते, आणि अभिमानाने घेते. त्र्यंबकेश्वरचा हा माणूस जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकला. फोटोग्राफी, छपाई, जादूचे प्रयोग असं सगळं त्याने केलं होतं. 'राजा हरिश्चंद्र' काढायला पैसे हवे होते, तेव्हा दादासाहेबांनी कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची वाढ ठरावीक अंतराने एकेक फ्रेम घेऊन टिपली आणि ती छोटी फिल्म दाखवून भांडवल उभं केलं. 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ ला गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लागला. पुढे १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये त्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली. १९३६ साली प्रभातने 'संत तुकाराम'मध्ये तुकोबांना वैकुंठाला नेणारं विमान दाखवलं. तेव्हा यातलं काहीच कॉम्प्युटरवर झालेलं नव्हतं. पण वेगवेगळ्या वेळी टिपलेली दोन चित्रं एका चौकटीत अशी बसवायची की सांधा दिसू नये, हा प्रश्न तेव्हाही होता आणि आज मी ऑफिसात बसून तोच सोडवते.

एका शॉटवर किती जण काम करतात? कोणकोणती कामं असतात?

एक मनातला शॉट घेऊ. मावळा बुरुजावरून उडी मारतो, खाली दरी, मागे पेटलेलं गवताचं कोठार. पाच सेकंदांचा शॉट. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेम चालतो, म्हणजे १२० चित्रं.

सेटवर काय असतं? प्लायवूडचा बारा फुटी बुरुज, मागे हिरवं कापड (रंगावरून ते नंतर काढून टाकता येतं), खाली गाद्या. नटाच्या कमरेला वायर. आमचा सुपरवायझर तिथे उभा राहून लेन्स कोणती, कॅमेरा किती उंचीवर, कुठे झुकलेला, हे लिहून घेतो. राखाडी गोळा आणि आरशासारखा चकचकीत गोळा धरून फोटो काढतो, म्हणजे त्या जागी उजेड कुठून येत होता ते पुढे कळतं. ही माहिती घ्यायची राहिली तर पुढच्या सगळ्यांना अंदाजाने काम करावं लागतं आणि बजेट तिथेच गळतं.

मग ते चित्रण, ज्याला आम्ही प्लेट म्हणतो, स्टुडिओत येतं. मॅचमूव्हवाला कॅमेरा कसा हलला ते शोधून काढतो. ते चुकलं तर कोठार जमिनीवरून घसरल्यासारखं दिसतं. रोटोवाला मावळ्याची बाह्याकृती फ्रेममागून फ्रेम कापून देतो. पेंटवाला वायर पुसतो आणि वायरीमागचं अंगरख्याचं कापड परत रंगवतो. मॉडेलिंग आणि टेक्श्चरवाले बुरुजाचा उरलेला भाग दगडा-दगडाने बांधतात. मॅट पेंटर दरी रंगवतो. एफएक्सवाला आग आणि धूर तयार करतो, बहुधा हुडिनी या सॉफ्टवेअरमध्ये. लायटिंगवाला त्या सगळ्यावर सेटवरच्यासारखा उजेड पाडतो. शेवटी हे तुकडे कंपोझिटरकडे येतात, म्हणजे माझ्याकडे, आणि मी ते एक चित्र करते. प्राणी किंवा डिजिटल माणूस असेल तर रिगिंग (हालचालीसाठी आत सांगाडा बसवणं), अॅनिमेशन, केस, कपडे असे आणखी विभाग लागतात.

चित्र न काढणारेही खूप जण असतात. कोणता शॉट कुणाकडे, कधी द्यायचा, हे सांभाळणारी प्रॉडक्शनची मुलं. फाइली एका विभागातून दुसरीकडे नीट जाव्यात म्हणून पायथनमध्ये प्रोग्राम लिहिणारे पाइपलाइन टीडी (टेक्निकल डायरेक्टर). चित्रकला येत नाही पण गणित आणि कोडिंग चांगलं आहे, अशा मुलांनी या शेवटच्या कामाकडे जरूर बघावं. अशी माणसं नेहमी कमी पडतात.

रोटो म्हणजे नुसती हमाली, असं ऐकलंय. खरं का?

हे माझ्या जिव्हाळ्याचं आहे, म्हणून थोडं लांबण लावते.

रोटो म्हणजे हलत्या चित्रातली वस्तू तिच्या कडेवरून कापून काढणं. भारतात जगभरातून रोटोचं काम येतं, कारण ते वेळखाऊ आहे आणि इथे स्वस्तात होतं. शिफ्ट मोठ्या, दिवसाचा कोटा ठरलेला, पगार कमी. त्या अर्थाने हमाली म्हणणाऱ्यांची तक्रार रास्त आहे.

पण २०१२ मधला एक शॉट सांगते. ११२ फ्रेम. एक बाई नदीकाठाने पळते आहे, केस वाऱ्यावर, मागे वाळलेल्या बाभळी. हिरवा पडदा नाही. मी डोक्याभोवती एक मोठी आउटलाइन काढली, प्रत्येक फ्रेमला थोडी थोडी सरकवली आणि दोन दिवसांत शॉट दिला. आमची लीड होती, तिला सगळे ताईच म्हणायचे. तिने शॉट हळू चालवून पाहिला आणि म्हणाली, "अगं, तू तिचे केस कापलेस. आणि कड बघ, उकळतेय."

खरंच उकळत होती. प्रत्येक फ्रेमला मी बिंदू वेगळ्याच ठिकाणी ठेवले होते, त्यामुळे चालवल्यावर बाह्याकृती थरथरत होती. ताई शेजारी खुर्ची ओढून बसली. माणूस एका आकारात कापायचा नाही. हाडं जिथे वाकतात तिथे तोडायचा. डोकं वेगळं, मान वेगळी, दंड वेगळा, कोपरापासून हात वेगळा. प्रत्येक फ्रेमला की, म्हणजे आकाराची पक्की नोंद, ठोकायची नाही. हालचाल जिथे दिशा बदलते ती फ्रेम शोधायची, तिथे 'की' द्यायची आणि मधलं कॉम्प्युटरला भरू द्यायचं. हात वेगाने हलला की कड पुसट होते, तो पुसटपणा जपायचा. केसांचा आतला घट्ट भाग वेगळा, ठळक बटा एकेक करून वेगळ्या, आणि धुरासारखे बारीक केस कापायला जायचंच नाही, त्यांचा रस्ता कॉम्पमध्ये, म्हणजे कंपोझिटिंगमध्ये, वेगळा असतो. तो शॉट पूर्ण व्हायला आणखी चार दिवस लागले.

त्यानंतर मी रस्त्यावरही कडा बघायला लागले. दादरच्या पुलावर संध्याकाळी उन्हात उभ्या माणसाच्या खांद्यावर मागच्या आकाशाचा उजेड थोडा सांडलेला असतो. लांबच्या इमारतीची कड जवळच्या खांबापेक्षा मऊ आणि फिकी असते. आज कॉम्पमध्ये नव्या मुलाचा शॉट खोटा वाटला की दहापैकी आठ वेळा दोष कडेतच सापडतो, आणि तो पकडण्याची नजर मला रोटोने दिली.

तेव्हा रोटोने सुरुवात करायला अजिबात लाजू नका. मात्र पहिल्या दिवसापासून पुढचं शिका. दोन वर्षं झाली आणि तुम्ही अजून फक्त रोटोच करताय, घरी कॉम्पचा सराव नाही, तर तिथून निघणं दर महिन्याला अवघड होत जातं. माझ्या बॅचमधली चार मुलं अशी अडकलेली मी पाहिली आहेत. चांगली मुलं होती.

चित्रकला यायलाच हवी का?

मॅट पेंटिंग, कॉन्सेप्ट, टेक्श्चर यांना हवीच. कॉम्प, रोटो, मॅचमूव्ह यांना हात नसला तरी चालेल, पण डोळा लागतो. इंटरमीजिएटची परीक्षा दिलेल्या मुलांना प्रकाश-छायेचं भान असतं, त्याचा उपयोग होतो. फोन घ्या, स्वयंपाकघरातल्या पितळी तांब्याचा सकाळी, दुपारी, संध्याकाळी फोटो काढा आणि सावलीची कड कुठे कडक आहे, कुठे मऊ, तांब्यात खिडकी कुठे दिसते, हे लिहून काढा. महिनाभर असं करा.

बारावीला सायन्सच पाहिजे?

नाही. कोणतीही शाखा चालते, स्टुडिओत कुणी मार्क विचारत नाही. पण पदवी कोणतीही का असेना, पूर्ण करा. परदेशी व्हिसाच्या वेळी ती लागू शकते.

कोणता कोर्स करावा? फी लाखांत सांगतात.

इथे सर्वात जास्त घरं फसतात, म्हणून स्पष्ट लिहिते.

चांगल्या सरकारी किंवा नावाजलेल्या जागा आहेत, पण कमी. मुंबईचं जे. जे. उपयोजित कला महाविद्यालय, आयआयटी मुंबईचं आयडीसी, अहमदाबादचं एनआयडी. तिथे प्रवेश परीक्षेतून मिळतो आणि शिक्षण फक्त व्हीएफएक्सचं नसतं, कलेचा पाया पक्का होतो. गोरेगावच्या फिल्मसिटीत व्हिसलिंग वूड्स आहे, तिथली फी मोठी आहे. २०२५ मध्ये मुंबईत या क्षेत्रासाठी इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ क्रिएटिव्ह टेक्नॉलॉजीज सुरू झालं आहे, त्यांचे अभ्यासक्रम बघून ठेवा.

बाकी बहुतेक मुलं गल्लोगल्लीच्या खासगी क्लासमध्ये जातात. मीही तिथूनच आले. माझ्या वडिलांनी २०१० मध्ये सव्वा लाख भरले, त्यासाठी पतपेढीचं कर्ज काढलं. 'शंभर टक्के प्लेसमेंट' असं सांगितलं होतं. प्लेसमेंट म्हणजे एका कॉल सेंटरच्या मुलाखतीचा पत्ता निघाला. नोकरी मला क्लासमधल्या सरांच्या ओळखीतून नाही, तर आधीच्या बॅचच्या एका मुलीने माझी रील (कामाच्या नमुन्यांचा व्हिडिओ) तिच्या लीडला दाखवली म्हणून मिळाली.

तेव्हा पैसे भरण्याआधी एवढं करा. मागच्या बॅचच्या पाच मुलांचे नंबर मागा आणि क्लासच्या बाहेर भेटा. शिकवणाऱ्याने स्वतः स्टुडिओत कोणत्या शोवर (आम्ही सिनेमा-मालिकेला शो म्हणतो) काम केलंय ते विचारा. विचारलं म्हणून रागावला तर उठून या. लॅब आठवड्यात किती तास उघडी असते, ते स्वतः जाऊन पाहा. भिंतीवर लावलेल्या पोस्टरवरच्या सिनेमांशी क्लासचा काही संबंध असतोच असं नाही. आणि 'शून्य टक्के व्याज' म्हणून सही घेतात तो कागद बहुधा एखाद्या फायनान्स कंपनीच्या कर्जाचा असतो. क्लास सोडला किंवा बंद पडला तरी हप्ता चालूच राहतो. वडिलांची सही असते, हप्ता त्यांच्या खात्यातून जातो.

क्लास न लावता घरी शिकता येईल का?

येईल, शिस्त असेल तर. ब्लेंडर हे थ्रीडीचं सॉफ्टवेअर पूर्ण मोफत आहे. डा विंची रिझॉल्व्हच्या मोफत आवृत्तीत फ्यूजन मिळतं, त्यात कॉम्प शिकता येतं. सिनेमाच्या कॉम्पमध्ये आज मुख्यतः न्यूक चालतं. त्याची विनाव्यावसायिक आवृत्ती मोफत आहे, फक्त चित्र १९२० बाय १०८० च्या वर बाहेर काढता येत नाही. हुडिनीची अॅप्रेंटिस आवृत्तीही मोफत आहे, फक्त चित्रावर छाप येते आणि चित्राच्या आकारालाही मर्यादा असते. त्यामुळे चोरीचं सॉफ्टवेअर टाकायची गरज उरलेली नाही.

कॉम्प्युटरला ३२ जीबी रॅम, ८ जीबीचं एनव्हीडिया कार्ड आणि एसएसडी असेल तर शिकण्यापुरतं झालं. एवढं नसेल तर १६ जीबीवर सुरू करा, फ्रेम लहान ठेवा.

सरावाला फूटेज कुठून आणायचं? ब्लेंडरवाल्यांनी २०१२ मध्ये 'टिअर्स ऑफ स्टील' नावाचा लघुपट केला आणि त्याचं हिरव्या पडद्यावरचं मूळ चित्रण सगळ्यांसाठी खुलं केलं. ते उतरवून घ्या. आणि स्वतः काढा. एसटी स्टँडवर फोनने दहा सेकंद शूट करा, एक्स्पोजर लॉक करून. त्यातला विजेचा खांब पुसा. खांबासमोरून माणसं जातील, एसटी जाईल, आणि एवढ्याशा कामात रोटो, ट्रॅकिंग (कॅमेऱ्याची हालचाल पकडणं), पेंट, ग्रेन (चित्रातले बारीक दाणे) सगळं करावं लागेल. खांब पुसलेल्या जागी ग्रेन जुळला नाही तर तो भाग काचेसारखा गुळगुळीत दिसतो. नेमकं तिथेच मुलाखत घेणाऱ्याचं लक्ष जातं.

शोरील कशी असावी?

एक-दीड मिनिट. सर्वांत चांगला शॉट पहिला. आधीचं चित्र आणि नंतरचं चित्र दोन्ही दाखवा, आणि त्यात तुम्ही नेमकं काय केलं ते खाली लिहा. पाच चांगले शॉट असतील तर पाचच टाका; सहावा साधारण घातलात तर त्याच्यावरूनच तुम्हाला तोलतात. ढणढण म्युझिक नको, आम्ही आवाज बंद करूनच बघतो.

नोकरी लागल्यावर एक पथ्य पाळा. स्टुडिओतलं कोणतंही काम परवानगीशिवाय बाहेर न्यायचं नाही. मोठ्या परदेशी शोवर फोनही दाराबाहेर ठेवावा लागतो, मशीनला इंटरनेट नसतं. सिनेमा लागल्यानंतर, कंपनीने लेखी हो म्हटल्यावरच शॉट रीलमध्ये घ्या. एका मुलाने वायर काढतानाचा फोटो मित्राला पाठवला आणि त्याच संध्याकाळी त्याला घरी पाठवलं.

पगार किती मिळतो?

मला २०११ मध्ये पहिले तीन महिने ९ हजार मिळाले. डोंबिवलीत मावशीकडे राहत होते म्हणून भागलं. अलीकडे माझ्या ओळखीत रोटो-पेंटला लागलेल्या नव्या मुलांना महिना पंधरा-वीस हजारांच्या आसपास मिळताना पाहते. त्यात गोरेगाव-मालाडला खोली घ्यायची तर चौघांनी मिळूनच. कॉम्प, एफएक्स, लायटिंगला सुरुवात थोडी बरी होते आणि पाच-सात वर्षांनी चांगली वाढते. एफएक्सचा चांगला माणूस कॉम्पच्या चांगल्या माणसापेक्षा सहसा जास्त कमावतो.

पहिली दोन-तीन वर्षं घरून थोडा आधार लागेल, हे आई-वडिलांशी आधीच स्पष्ट बोला. नाहीतर मुलं लाजेने सांगत नाहीत आणि उपाशी राहतात.

ऑफर लेटर आलंय. सही करताना काय बघू?

तुम्हाला कर्मचारी म्हणून घेताहेत की कन्सल्टंट म्हणून, हे पहिलं बघा. पगारातून पीएफ कापला जात असेल तर तुम्ही कर्मचारी. 'प्रोफेशनल फी' म्हणून १० टक्के टीडीएस (आधीच कापलेला आयकर) कापून पैसे येत असतील तर तुम्ही कन्सल्टंट; मग पीएफ नाही, ग्रॅच्युइटी नाही, भरपगारी सुट्टी बहुधा नाही. शो संपला की करारही संपतो. कापलेला टीडीएस खरंच भरला का ते आयकराच्या पोर्टलवर दिसतं. तुमचं उत्पन्न कमी असेल तर रिटर्न भरून तो परत मिळतो. कितीतरी मुलं हे पैसे तसेच सोडून देतात.

बाँडवर, म्हणजे 'दोन वर्षं सोडणार नाही, सोडलं तर एवढे पैसे भरीन' अशा कागदावर सही करू नका. मूळ मार्कशीट कुणाच्याही ताब्यात देऊ नका.

२०१५ मध्ये एका छोट्या स्टुडिओने माझे दोन महिन्यांचे पैसे अडकवले. 'क्लायंटकडून आले की देतो' असं रोज ऐकायचे. वांद्र्याच्या कामगार भवनात गेले, तेव्हा कळलं की माझ्याकडे नेमणुकीचा धड कागदच नाही, सगळं फोनवर ठरलं होतं. वकिलाची नोटीस गेल्यावर एक महिन्याचे मिळाले, दुसऱ्याचे बुडाले. तेव्हापासून शॉट, दिवस, रक्कम हे सगळं मी ईमेलवर लिहून घेते, समोर कितीही ओळखीचा माणूस असला तरी.

ही नोकरी टिकते का?

काम टिकतं, नोकरी टिकेलच असं नाही. फरक समजून घ्या.

रिदम अँड ह्यूज ही अमेरिकेतली मोठी कंपनी, मुंबई आणि हैदराबादलाही त्यांची ऑफिसं होती. 'लाइफ ऑफ पाय'मधला वाघ त्यांचा. फेब्रुवारी २०१३ मध्ये त्या कामाला ऑस्कर मिळालं आणि त्याच्या जेमतेम दोन आठवडे आधी कंपनीने दिवाळखोरी जाहीर केली होती. २०२३ मध्ये हॉलिवूडमध्ये आधी लेखकांचा आणि मग नटांचा संप झाला; शूटिंग थांबलं, आणि काही महिन्यांनी गोरेगावातल्या खुर्च्या रिकाम्या व्हायला लागल्या. फेब्रुवारी २०२५ मध्ये टेक्निकलर समूह कोसळला. 'द जंगल बुक' आणि '१९१७'साठी ऑस्कर मिळवणारी एमपीसी त्याच समूहातली. बेंगळुरू आणि मुंबईतल्या मुलांना एका सकाळी कळलं की काम नाही.

असं का होतं? स्टुडिओ शॉटची किंमत आधीच ठरवून बोली लावतो. पुढे दिग्दर्शकाने वीस वेळा बदल सांगितले तरी पैसे सहसा तेवढेच, मग तोटा स्टुडिओचा. शिवाय कॅनडा, इंग्लंड अशा ठिकाणी सरकारं करात सवलत देतात, तशी कामं देशोदेशी सरकतात. यात कलाकाराच्या हाताच्या कौशल्याचा दोष नसतो.

म्हणून सहा महिन्यांचा खर्च बँकेत ठेवा. बाइकचा, फोनचा हप्ता पहिल्या दोन वर्षांत घेऊ नका. शो संपायच्या महिनाभर आधीच पुढच्या कामासाठी फोन सुरू करा. संपल्यावर सगळे एकदम बाजारात येतात.

एआयमुळे हे सगळं बंद पडणार का?

न्यूकमध्ये २०२१ पासून कॉपीकॅट आहे: तुम्ही काही फ्रेम करून दाखवल्या की ते बाकीच्या फ्रेमवर तसं करायला शिकतं. माणूस आपोआप कापून देणारी साधनंही आता सगळीकडे आहेत. साधं रोटो, साधी वायर काढणं यात माणसं कमी लागणार, हे मी लपवणार नाही. माझं मन त्याने दुखतं, कारण माझ्यासारख्या गावातून आलेल्या मुलीला आत शिरायचं तेच दार होतं.

पण यंत्राने कापलेली कड आजही माझ्याकडे येते तेव्हा केसांत, बोटांमध्ये, पदराच्या टोकाशी ती उकळत असते, आणि कुणीतरी ते पाहून दुरुस्त करावं लागतं. सुपरवायझर म्हणतो, 'आग थोडी रागीट करा, पण डोळे तिकडे जायला नकोत.' यंत्राला हे सांगून बघा. माझा सल्ला असा: रोटो नीट शिका, पण एकट्या रोटोवर आयुष्य बेतू नका. कॉम्प किंवा एफएक्स धरा, थोडं पायथन शिका, आणि नवीन साधनं पहिल्या दिवसापासून हाताळा.

मुलींना हे क्षेत्र ठीक आहे का? रात्रपाळी असते म्हणतात.

माझ्या सध्याच्या टीममध्ये मुली बऱ्याच आहेत. शो देण्याच्या आधीचे पंधरा दिवस उशिरा थांबावं लागतं, हे खरं आहे. महाराष्ट्राच्या दुकाने व आस्थापना कायद्यानुसार रात्री साडेनऊनंतर बाईला काम द्यायचं तर तिची संमती लागते आणि सुरक्षिततेची व येण्याजाण्याची सोय मालकाने करायची असते. मुलाखतीतच विचारा, "रात्री सोडायला गाडी आहे का?" हा प्रश्न विचारल्याने नोकरी जात नाही, आणि जात असेल तर ती नोकरी नकोच होती.

तब्येतीचं मुलामुलींना सारखंच. अंधारी खोली, दहा-बारा तास खुर्ची, हातात पेन टॅबलेट. मनगट दुखायला लागलं तर पहिल्याच आठवड्यात डॉक्टरकडे जा. मी दोन महिने अंगावर काढलं आणि पुढे तीन आठवडे उजवा हात वापरता आला नाही. सकाळचं ऊन घ्या, दिवसभर ते दिसत नाही.

मोठ्या हॉलिवूडपटांवर काम करायला परदेशात जावं लागतं का?

आता तसं नाही. मुंबईची प्राइम फोकस आणि लंडनची डबल निगेटिव्ह २०१४ मध्ये एकत्र आल्या. आज डीएनईजी नावाने मुंबई, चेन्नई, मोहाली, बेंगळुरूतही काम चालतं. त्यांना मार्च २०२५ मध्ये 'ड्यून: पार्ट टू'साठी ऑस्कर मिळालं. अशा शोचे शॉट इथल्या मुलांच्या हातून जातात.

जायचंच असेल तर लंडन, व्हँकुव्हर, माँट्रिऑल, सिडनी ही मुख्य ठिकाणं. पाच-सहा वर्षांचा कॉम्प, एफएक्स किंवा लायटिंगचा अनुभव लागतो, रोटोवर कुणी व्हिसा देत नाही. इंग्रजी बोलण्याची सवय करा. व्याकरणापेक्षा डेलीजमध्ये (शॉट तपासायच्या रोजच्या बैठकीत) शॉटबद्दल दोन वाक्यं नीट सांगता येणं महत्त्वाचं.

मराठी सिनेमात आणि मालिकांमध्ये काम आहे का?

आहे. पैसा कमी, वेळ त्याहून कमी. मालिकेचा एपिसोड रोजचा असतो. सकाळी आलेला देव रात्री प्रकट झालाच पाहिजे. पण मोठ्या कंपनीत वर्षभर तुम्ही एकच प्रकारचा शॉट करता, इथे एकाच आठवड्यात ट्रॅकिंग, कीइंग (हिरवा पडदा काढणं), मॅट पेंटिंग, सेटवर जाणं, दिग्दर्शकाशी बोलणं सगळं तुमच्यावर येतं. ज्याला पुढे सुपरवायझर व्हायचंय त्याने एखादं वर्ष हे करावं. मला सेटवर उभं राहायला एका छोट्या मराठी सिनेमानेच शिकवलं.

गावात राहून काम करता येतं का?

सुरुवातीला नको. शेजारी बसून शिकवणारी ताई ऑनलाइन भेटत नाही. चार-पाच वर्षांनी फ्रीलान्स करता येतं, मात्र परदेशी मोठे शो सुरक्षेच्या अटींमुळे घरी क्वचितच मिळतात.

पडद्यावर नाव येतं का?

कधी येतं, कधी नाही. स्टुडिओला ठरावीक नावांची जागा मिळते आणि कलाकार त्याहून कितीतरी जास्त असतात. रोटो-पेंटवाले पहिले गळतात. माझा पहिला सिनेमा मिरजेत लागला तेव्हा बाबा शेवटची पाटी जाईपर्यंत बसून राहिले. नाव नव्हतं. बाहेर आल्यावर म्हणाले, "तू केलेलं कोणतं होतं?" मी बाजाराच्या प्रसंगाची आठवण दिली आणि सांगितलं, डाव्या बाजूचा लाइटचा खांब मी काढला. ते थोडा वेळ गप्प राहिले. "तिथे खांब होता?" त्यांनी विचारलं.

नाव पडद्यावर नसेल तर कंपनीकडून लेखी पत्र मागून घ्या, की या शोवर अमुक तारखेपासून अमुक काम केलं. पुढच्या नोकरीला आणि व्हिसाला ते चालतं. आणि पहिल्या दिवसापासून एक वही ठेवा: शो, शॉट, किती फ्रेम, काय केलं, किती दिवस लागले. बोली लावायची वेळ येईल तेव्हा दुसऱ्या कुणाला विचारावं लागणार नाही. माझ्या वहीत दुसऱ्या पानावर लिहिलेलं आहे: ११२ फ्रेम, केस, सहा दिवस.